घरातला उंदीर आणि माझा पाय

माझ्या डाव्या पायाला आता तीनच बोटं आहेत. अंगठा आणि त्याच्या शेजारचं बोट सरकारी दवाखान्यात कापलं. कापलेली बोटं कुठं टाकतात ते मी विचारलं होतं. कुणी नीट सांगितलं नाही. असो.

मी चौथीपर्यंत शिकलो. लाकूड बाजारात हातगाडी ओढण्यात जन्म गेला, लिहायची सवय नाही. पण वॉर्डात ड्रेसिंग करणाऱ्या सिस्टर म्हणाल्या, "बाबा, तुमच्यासारखे लोक लाजून सांगत नाहीत, म्हणून पुढचे उशिरा येतात. लिहा." मी म्हटलं, माझं कोण वाचणार? त्या म्हणाल्या, "ज्याला पाय आहेत तो वाचेल." म्हणून लिहिलं. माझी मुलगी मंगल, तिनं ऱ्हस्व-दीर्घ दुरुस्त केलं. बाकी काही बदललेलं नाही. मी तपासून घेतलंय.

खोली

आमची वस्ती भवानी पेठेच्या मागच्या अंगाला. रस्त्यावरून बघाल तर नुसती दुकानं दिसतात. दोन दुकानांच्या मधून एक बोळ आत शिरतो. समोरून माणूस आला की एकानं मागं सरायचं. मयत न्यायची तर तिरडी उभी करावी लागते. माझी बायको पारू गेली तेव्हा तिलाही तशीच नेली, उभी. मागून बघणाऱ्याला वाटावं, आमच्याबरोबर चालत निघाली आहे.

खोली एकच. वर पत्रा. खिडकी नाही, कारण तिन्ही बाजूंनी दुसऱ्यांच्या भिंती. गल्लीचं गटार आमच्या फरशीखालून जातं. खोल्या आधी झाल्या की गटार आधी झालं, ह्यावर वस्तीत अजून भांडणं होतात. मोरीजवळची एक शहाबादी फरशी खचलेली होती. तिच्या फटीला कान लावला की खालचं पाणी ऐकू यायचं. पावसाळ्यात कान लावायची गरज नसायची, ते वरच यायचं. महापालिकेचे लोक येतात, पांढरी पावडर टाकतात आणि जातात. उंदरांना ती पावडर आवडत असावी.

वस्तीवर एका बिल्डरचा डोळा आहे. इथं उंच इमारत होईल, तोवर तुम्ही वाघोलीच्या पलीकडं पत्र्याच्या शेडमध्ये राहा, म्हणतात. त्याचा माणूस संजय बोळातून फिरतो, पांढरे बूट घालून. आमच्या बोळातून जो पांढरे बूट घालून फिरतो आणि ते पांढरेच ठेवून बाहेर पडतो, त्याच्यावर माझा विश्वास नाही.

पीठ

पारू छातीत दुखून गेली. मोरीत भांडी घासत होती. "जरा बघा हो, कसंतरी होतंय," म्हणाली आणि भिंतीला टेकली. एवढंच. तिच्याबद्दल जास्त लिहिणार नाही. ते माझं आहे.

आमच्यात एक रीत आहे. माणूस जिथं गेलं तिथं पीठ पसरतात, त्यावर दिवा ठेवतात आणि वर टोपली झाकतात. सकाळी टोपली उचलून बघायचं, पिठावर कशाची पावलं उमटली. गेलेलं माणूस पुढं कोणत्या जन्माला गेलं ते त्यावरून कळतं. पारूच्या धाकट्या बहिणीनं, इंदूनं, हे सगळं केलं. सकाळी टोपली उचलली आणि सगळे वाकले. पिठावर बारीक बारीक ठसे होते.

इंदू म्हणाली, "चिमणी झाली गं बाई माझी ताई."

आमची शेजारीण फरीदा दारात उभी होती. ती म्हणाली, "चिमणी पाय ओढत चालते का? मागं शेपटीची रेघ दिसती. चुहा आहे हा."

इंदूला राग आला. "तुला काय कळतं आमच्यातलं?"

"तुमच्यातलं नाही कळत. चुहे कळतात. तीस वर्षं झाली इथं राहते मी."

मी खाली बसून बघितलं. रेघ होती. फरीदाचं बरोबर होतं. पण तिनं ते ज्या अर्थानं सांगितलं, त्या अर्थानं मी घेतलं नाही. मी म्हटलं, ठीक आहे. पारू उंदीर होऊन आली. घर सोडून गेली नाही. दुसऱ्या कुणी जन्म घ्यायला बंगला बघितला असता, ही मोरीजवळच राहिली.

हसायचं तर हसा. तुमच्या घरात कुणी गेलेलं असेल तर हसणार नाही.

भाकरी

त्या दिवसापासून मी उंदीर मारणं बंद केलं. घरात पिंजरा होता तो फरीदाला देऊन टाकला. संध्याकाळी जेवलो की एक चतकोर भाकरी मोरीजवळ ठेवायचो. सकाळी नसायची. बरं वाटायचं.

बोळातल्या बाकीच्यांनी आपापली बिळं काचा आणि सिमेंट घालून बुजवली होती. माझी फरशी तेवढी उघडी. मग सगळ्या गल्लीचे उंदीर माझ्या घरातून ये-जा करायला लागले. फरीदा रोज भांडायची.

"चाचा, तुमच्या घरातून उंदरांची वरात निघती. निदान बँड तरी लावा."

"माझ्या घरात काय करायचं ते मी बघीन."

"तुमच्या घरात करा हो. माझ्या पिठाच्या डब्यात कशाला?"

मला वाटायचं, ही मुद्दाम बोलते. बिल्डरच्या कागदावर तिच्या नवऱ्यानं सही केली होती. मी केली नव्हती. मला इथून उठवायला सगळे टपलेत, असं माझं गणित होतं. एका सकाळी तर कहरच झाला. मी उंबऱ्यात बसून चहा पीत होतो, तोंड बोळाकडं, पाय आत पसरलेले. फरीदा समोरून आली आणि तिनं हातातला खराटा माझ्या पायावर फेकून मारला. मी तिला नाही नाही ते बोललो. तीही बोलली. नंतर कित्येक दिवस आम्ही एकमेकांचं तोंड बघितलं नाही.

आणखी एक. त्या दिवसांत माझी एक चप्पल सारखी हरवायची. चालत मंडईपर्यंत जायचो आणि बघतो तर एका पायात चप्पलच नाही. मला वाटायचं, पोरं खेचून नेतात. एकाला धरून मी बदडलंही. पाय माझे आधीपासून दणकट. जन्मभर गाडी ओढली. आता तर तापलेल्या डांबरावरही चटका बसत नव्हता. मला त्याचा अभिमान होता. खिळा घुसला तरी हा माणूस ओरडत नाही, असं लोक म्हणायचे. मीही म्हणायचो.

रक्त

एका सकाळी गोधडीला रक्त दिसलं. अंगठ्याचं टोक सोललेलं, त्याच्या शेजारच्या बोटाचं मांस गेलेलं. दुखत काहीच नव्हतं. मी पाय धुतला, हळद भरली आणि चिंधी बांधली. मग विचार करत बसलो. दुखत नाही म्हणजे जखम साधी नाही. कुणीतरी काहीतरी केलं. करणी म्हणा, पावडर म्हणा. संजय आदल्या दिवशी दारात उभा राहून गेला होता. "अण्णा, कसे आहात," म्हणाला होता. त्यानं ह्याआधी कधी असं विचारलं नव्हतं.

चार-सहा दिवसांत वास यायला लागला. मला नाही आला. मंगलला आला. ती हडपसरला असते, नवरा कंपनीत ड्रायव्हर. दारातच थांबली आणि म्हणाली, "अण्णा, घरात काही मेलंय का?"

मी म्हटलं, "नाही."

तिनं चिंधी सोडली आणि तोंडावर हात ठेवला. बोटं काळी पडली होती. तिनं रिक्षा आणली. मी म्हटलं, आधी खोलीला कुलूप लावू दे. ती म्हणाली, "कुलूप राहू द्या, पाय आवरा."

मी कुलूप लावलं. दोन वेळा ओढून बघितलं.

डोळे मिटा

दवाखान्यात एक तरुण डॉक्टरीण होती. मला म्हणाली, "साखर कधीपासून आहे?"

मी म्हटलं, मला साखर नाही.

"कधी तपासली होती?"

"नाही. असती तर कळलं असतं."

तिनं बोटाला टोचून रक्त घेतलं, यंत्रात घातलं आणि यंत्र मंगलला दाखवलं. मला का नाही दाखवलं? पाय कुणाचा?

मग म्हणाली, "आजोबा, डोळे मिटा. मी पायाला दोरा लावते. लागला की हो म्हणा."

डोळे मिटा म्हटल्यावर मला शंका आली. डोळे मिटून मी आजवर फक्त देवापुढं उभा राहिलो आहे. पण मिटले. बसून राहिलो. ती काही करतच नव्हती. मी वाट बघतोय, ती काही लावतच नाही. मला वाटलं, ही फसवते आहे, मी हो म्हणतो का ते बघते आहे. म्हणून एक डोळा किलकिला केला.

ती तळव्याला दोरा टेकवत होती. जाड, नायलॉनचा. टेकवून दाबला की वाकत होता. इथं, तिथं, टाचेला, बोटाखाली. माझ्या डोळ्यासमोर माझ्या पायाला दोरा वाकत होता आणि मला कळत नव्हतं. जणू तो पाय दुसऱ्या कुणाचा आहे आणि मी नुसता बघतोय.

तेव्हा मी घाबरलो. रक्त बघून घाबरलो नव्हतो, काळी बोटं बघूनही नाही.

डॉक्टरीण म्हणाली, "साखरेनं नसा मेल्या आहेत. तुम्हाला पायाचं काही कळत नाही. चप्पल गळून पडते का चालताना?"

 ज्या पोराला बदडलं होतं त्याचं तोंड आठवलं.

मग तिनं जखम बघितली, भिंगातून. "ही कुरतडलेली आहे. घरात उंदीर आहेत?"

मंगल म्हणाली, "आहेत."

मी म्हटलं, "उंदीर चावत नाही मला."

"का नाही चावणार?"

ह्याचं उत्तर मी तिला काय देणार? पारूनं मला जन्मात कधी चिमटा काढला नाही, असं सांगणार?

वॉर्ड

वॉर्डात सकाळी उजाडायच्या आत पोटाला इंजेक्शन. मग चहा, बिनसाखरेचा. मग ड्रेसिंगची गाडी यायची, तिच्या चाकाचा आवाज लांबूनच ऐकू यायचा आणि ज्यांचं दुखायचं ते आधीच कण्हायला लागायचे. माझं दुखायचं नाही, म्हणून मी गप्प. शेजारच्या खाटेवरचे मामा कौतुकानं म्हणायचे, "तुम्ही लई धीराचे." मी म्हटलं, धीर कसला, पाय मेलाय. त्यापेक्षा तुमचं ओरडणं बरं. त्यानंतर ते जरा मोकळेपणानं ओरडायला लागले.

डॉक्टर म्हणाले, दोन बोटं काढावी लागतील. विष हाडात गेलंय. थांबलात तर घोट्यापर्यंत, आणखी थांबलात तर गुडघ्यापर्यंत. मी म्हटलं, नाही. त्यांना वाटलं मी ऑपरेशनला घाबरतो. तसं नव्हतं. मला ते खरं वाटत नव्हतं. उंदीर कुरतडतो आणि माणूस झोपेतून उठत नाही, असं कुठं असतं?

त्यातच संजय भेटायला आला. पांढरे बूट, हातात सफरचंदं. "अण्णा, आता काही त्या खोलीत जाऊ नका. उंदीर काय, गटार काय. तब्येतीला चांगलं नाही."

मी विचारलं, "उंदराचं तुला कुणी सांगितलं?"

"वस्तीत सगळे बोलतात."

झालं. मला सगळं जुळलं. ह्यांनीच उंदीर सोडले, ह्यांनीच डॉक्टर फितवले, दोन बोटं गेली की म्हातारा बोळातून चालू शकणार नाही, खोली मोकळी. मी सफरचंदं मामांना दिली. मामांनी खाल्ली. त्यांना काही झालं नाही, पण पुढचे दोन दिवस मी त्यांच्यावर लक्ष ठेवून होतो.

मंगल रडायची. तिचा नवरा एकदा जिन्यात तिला म्हणाला, आणि मला ऐकू आलं, "बोटं काढू दे नाही तर डिस्चार्ज घेऊ दे. मी किती दिवस सुट्ट्या घेऊ?" तो वाईट माणूस नाही. त्याची कंपनी वाईट आहे. पण त्या दिवसापासून मी जावयालाही संशयितांच्या यादीत घातलं. यादी मोठी झाली होती. फक्त मीच बाहेर राहिलो होतो.

फरीदा

मग फरीदा आली. बोलणं बंद होतं, तरी आली. डब्यात मऊ खिचडी. खाटेच्या कडेला उभी राहिली, बसली नाही.

मी म्हटलं, "तुला कुणी पाठवलं? संजयनं?"

"पाठवतो कोण मला? माझे मियाँ सुद्धा दुकानात पाठवू शकत नाहीत. ऐका, मंगल सांगत होती, तुम्ही मानत नाही म्हणून."

"नाही मानत."

"चाचा, त्या दिवशी तुम्ही उंबऱ्यात बसून चहा पीत होते ना?"

"आणि तू मला खराटा मारलास."

"तुम्हाला नाही मारला. तुमच्या पायाला चुहा लागला होता. दिवसाढवळ्या. टाचेला तोंड घालून कुरतडत होता आणि तुम्ही आरामात फुंकून फुंकून चहा पिताय. मला तर शिसारी आली. हातात खराटा होता तो फेकला."

"मग तेव्हाच का नाही सांगितलंस?"

"तुम्ही सांगू दिलं? पहिल्या शब्दाला माझ्या आईवर गेलात."

ते खरं होतं. मी गेलो होतो.

मी तिला माझा पाय वर धरायला सांगितला. टाच बघितली. टाचेला एक जुनी खपली होती, वाटाण्याएवढी. ती कुठून आली ते मला माहीत नव्हतं. तिथं खिळा लागल्याचंही आठवत नव्हतं. म्हणजे फरीदाला त्या टाचेचं माहीत होतं आणि मला नव्हतं.

मी फरीदाला आजवर खूप काही म्हटलंय. पण ती तोंडावर भांडणारी बाई आहे. ज्यांना फसवायचं असतं ते सफरचंदं आणतात.

दुपारी डॉक्टर फेरीला आले तेव्हा मी म्हटलं, "काढा."

नंतर

बोटं काढली. ते दुखलं नाही, ह्याचंच मला रडू आलं. जखम भरायला बरेच दिवस लागले. सिस्टर रोज ड्रेसिंग करताना सांगायच्या, "बाबा, बघा, आज लाल दिसतंय. लाल म्हणजे जिवंत." मी रोज वाकून बघायचो. स्वतःच्या पायाकडं इतकं मी जन्मात बघितलं नव्हतं. एका वॉर्डबॉयनं मला पायाखाली घ्यायला मऊ उशी शोधून आणली, कुठून ते सांगितलं नाही, मीही विचारलं नाही. न विचारण्याची ती माझी पहिलीच वेळ.

आता जे सांगायला सिस्टरनी लिहायला लावलं ते सांगतो. रोज पाय बघा. तळवा दिसत नसेल तर खाली आरसा ठेवून बघा. चप्पल आपोआप गळत असेल तर पोरांना बदडू नका, रक्त तपासा. चटका बसत नाही, खिळा टोचत नाही, ही मर्दुमकी नाही. दुखणं थांबलं की लोकांना बरं वाटतं. पायाचं तसं नाही.

डॉक्टरीण सोडताना म्हणाली, "ही जखम परत उघडली तर पाय वाचवता येणार नाही. घरातले उंदीर गेले पाहिजेत. नाहीतर घरी जाऊ नका."

मंगल म्हणाली, "हडपसरला चला."

मी म्हटलं, "नाही."

"का? आई तिथं आहे म्हणून?" इंदूनं तिला सगळं सांगितलं होतं.

मी पिशवी बांधत राहिलो. ती म्हणाली, "अण्णा, आई असती तर तुमचा पाय खाल्ला असता का?"

"भूक लागली असेल तिला. मी दवाखान्यात होतो तेव्हा भाकरी कोण ठेवत होतं?"

"पाय त्याच्या आधी खाल्ला." एवढं बोलून ती उठून बाहेर गेली. हिशोब तिचा बरोबर होता. माझ्या डोक्यात तो बसत नव्हता.

पिंजरा

घरी आलो. जावयानं लोखंडी खाट आणून टाकली होती, तिचे पाय पाण्याच्या डब्यांत. गवंडी दुसऱ्या दिवशी फरशी बुजवायला येणार होता. फरीदा माझाच पिंजरा परत घेऊन आली.

"भजी लावते आत. ह्यांना भजी आवडतात."

मी म्हटलं, "भजी नको. सुकट आण."

ती बघतच राहिली. "सुकट? तुमच्या घरात तर सुकट येत नव्हती."

येत नव्हती, कारण पारूच्या गळ्यात तुळशीची माळ होती. माळ घातल्यापासून तिनं सुकटीला हात लावला नाही. बोळात कुणी भाजली तर नाकाला पदर लावून बाहेर जाऊन बसायची. उपाशी राहिली असती, पण तोंड लावलं नसतं. हा जन्म काय, दुसरा जन्म काय, पारूचा हट्ट मला माहीत आहे.

म्हणून मी ठरवलं. ती असेल तर पिंजऱ्याजवळ येईल, वास घेईल आणि लांबून निघून जाईल. मग मी गवंड्याला परत पाठवीन, पायाचं जे होईल ते होईल. मी जन्मभर सगळ्या जगावर संशय घेतला. बायकोवर कधी घेतला नाही. हा पहिलाच.

फरीदानं सुकट आणली. मी माझ्या हातानं आकड्याला लावली. पायात मोजे घातले, खाटेवर चढलो.

सकाळी उठलो तो पिंजरा बंद होता. आत मोठा उंदीर, चांगला पोसलेला. माझ्याच भाकरीवर. सुकट सगळी संपवली होती, डोकं सुद्धा ठेवलं नव्हतं. मी काठी घेऊन जवळ गेलो आणि खाली बसलो. त्यानं माझ्याकडं बघितलं, मग पुढच्या पायांनी मिशा पुसायला लागला.

मी हळूच म्हटलं, "पारू?"

तो मिशा पुसतच राहिला.

फरीदा दाराशी आली. "चाचा, सापडला का?"

"सापडला."

"मग रडताय कशाला? चांगलं झालं ना?"

मी म्हटलं, "उंदीरच आहे गं. नुसता उंदीर."